कूलरसमोरची बंगई

मी बंगई बोलतेय. अख्ख्या बार्शीटाकळीत आपोआप झुलणारी मी एकटीच. आपोआप म्हणजे, समोर कूलर सुरू असला तर. नाहीतर मी आपली साधी फळी, साखळ्यांना टांगलेली.

जन्म मूर्तिजापूरचा. सुताराने सागाची म्हणून विकली, निघाले बाभळीची. घेणारे नत्थुजी भाजीवाले. वांग्यातली कीड त्यांना देठावरून कळायची, लाकडात मात्र फसले. मीही गप्प बसले. आपल्याला काय पडलंय?

दुपारी मळ्यातून आले की ते माझ्यावर आडवे. डोळा लागला की मी करकरायची. उठून बिचारे कडीत तेल घालायचे, तेवढ्यापुरती मी शहाणी. साखळीत धोतर धरून ठेवायची, ते वेगळंच. आता वाटतं, एखादी दुपार त्यांना धड झोपू द्यायला हवं होतं.

मागच्या उन्हाळ्यात नत्थुजी गेले. तेव्हापासून माझ्यावर कोणी बसत नाही. सुभद्राबाई, त्यांची बायको, दुपारी उंबऱ्यात सांभाराच्या, म्हणजे कोथिंबिरीच्या, जुड्या बांधते आणि माझ्याकडे पाहून म्हणते, "आयकलं का, सांभार लय महागला." मी झुलते. तिला तेवढं पुरतं.

शेजारणीने हे पाहिलं, अन् झालं. गल्लीतली पोट्टी खिडकीतून डोकावू लागली. मला भलताच भाव आला. ओझं उचलायचं नाही, नुसतं भूत व्हायचं.

बोभाटा अमरावतीपर्यंत गेला. तिथून हर्षा आली. झपाटलेल्या वस्तूंवर डॉक्युमेंटरी करते म्हणे. अकोल्यात एका शिलाई मशीनसमोर आठवडाभर बसली होती, मशीनने टाकासुद्धा घातला नाही. सोबत आवाजवाला स्वप्निल. त्याने कानाला हेडफोन लावला आणि पहिलंच बोलला, "काकू, कूलर बंद करा. माइकमध्ये घरघर येऊन राहिली."

बंद केला. मे महिना, सगळे घामाने निथळलेले. मी हळूहळू थांबले.

कॅमेरा माझ्यावर, सुभद्राबाईचे डोळेही माझ्यावर. जन्मभर टवाळी केली, पण त्या दुपारी खरंच झुलायचं होतं. म्हातारीसाठी एक हेलकावा, बस. केवढा जोर लावला. कडीसुद्धा वाजली नाही.

हर्षा पोरगी हुशार. तिने उठून कूलर सुरू केला, मी हलले. बंद केला, थांबले. स्वप्निलने गुपचूप वायर गुंडाळायला घेतली. मला वाटलं, गेलं. आता ही म्हातारी उद्यापासून कोणाशी बोलेल?

हर्षा तिच्याजवळ उंबऱ्यात बसली. हात हातात घेतला. "आजी, वाईट वाटून घेऊ नका. तिथं कोणी नाही. ही नुसती कूलरची हवा आहे."

सुभद्राबाईने हात सोडवून घेतला, जुडी बांधायला लागली.

"हवाच आहे वो माय. कूलरचं तोंड रोज तिकडे मीच फिरवते. जिते होते तवा या हवेपायी रोज भांडले मी त्यायच्याशी. आता एकटीनं घेऊन काय करू?"