पिल्लाच्या हाडावरचे ओरखडे

"काका, हे बघा, दातांच्या खुणा." मॅडमनी दिवा जवळ ओढला. "स्वतःच्या पिल्लाला खाल्लंय हो या जनावरांनी."

काकांनी भिंगातून पाहिल्यासारखं केलं. पिल्लाच्या मांडीच्या हाडावर तीन ओरखडे होते. ते कोणाचे, हे जगात एकट्या काकांना ठाऊक होतं.

संग्रहालयाच्या तळघरात ते एकोणतीस वर्षं दगडातून हाडं सोडवत होते. दातांच्या डॉक्टरची सुई वापरत, म्हणून सगळे त्यांना डेंटिस्ट म्हणत. हे जनावर कुत्र्यांच्या कुळातलं, लाखो वर्षांपूर्वी नामशेष झालेलं. जबडा असा दणकट, की हाडं कडाकड फोडून खाई. अकरा वर्षांपूर्वी पिल्लाचं हाड साफ करायला घेतलं, त्या दिवशी काकांचं साहेबांशी वाजलं होतं. रागाच्या भरात सुई तीनदा घसरली. चूक झाली की वहीत लिहायची, हा नियम. काकांनी लिहिली नाही. नवा ओरखडा फिका दिसतो, म्हणून डिंकात दगडाची पूड कालवून वर चोळली.

"उद्या शोधनिबंध पाठवतेय," मॅडम म्हणाल्या. "तुमचे आभार मानलेत. असा हात कुणाचा नाही, असं लिहिलंय."

काकांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. गप्प बसले असते तर कुणाच्या बापाला कळलं नसतं. पण कधीकाळच्या त्या मुक्या आईवर पोर खाल्ल्याचा आळ, तोही आपल्यामुळे?

"ते दात नाहीत," ते म्हणाले. "माझी सुई आहे."

मॅडम हसल्या. मग त्यांच्या चेहऱ्याकडे बघून थांबल्या.

"वहीत तर काहीच नाही."

"नाही लिहिलं. लाज वाटली."

मॅडम चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी हळूच विचारलं, "अजून कुठं असं झालंय?"

"नाही. शपथेवर सांगतो, एवढं एकच."

"माझा आहे हो विश्वास. बाकीच्यांना काय सांगू?" त्यांनी संग्रहातल्या हाडांची यादी पुढे सरकवली. "तुम्ही साफ केलेल्या प्रत्येक हाडापुढे फुली मारा. सगळी पुन्हा तपासावी लागतील."

काका खुर्चीत बसले. पहिलंच नाव वरच्या दालनातल्या कवटीचं होतं. तिच्यावर त्यांनी सात महिने घालवले होते. नखभर चूक नव्हती. लेक लहान असताना तिला कडेवर घेऊन हीच दाखवली होती, माझ्या हातची म्हणून. काकांनी कवटीपुढे फुली मारली आणि ते पुढच्या ओळीवर आले.