हिरव्या शाईतली शेवटची खेळी

एर्विन कार्दोश गेल्याचं नोरीन ट्रेवॉरोला शुक्रवारी सकाळी फोनवर कळलं, आणि दुपारी त्याचं कार्ड आलं.

पोस्टमन फाटकाशी सायकल टेकवून म्हणाला, "घ्या, तुमच्या ॲडलेडच्या मित्राचं."

हिरवी शाई, टपालाचा शिक्का सोमवारचा. माणूस बुधवारी गेला. म्हणजे अंगावर काटा यावा असं यात काही नाही, टपाल मागाहून पोचलं एवढंच, असं नोरीनने स्वतःला दोनदा समजावलं. तरी कार्ड तिने दोन बोटांच्या टोकांतच धरून आत आणलं.

सत्तावीस वर्षांची ओळख, पण दोघं समोरासमोर बसली होती ती एकदाच. छप्पन साली कार्दोश तिच्या गावी, वॉलरूच्या हॉलमध्ये एकाच वेळी बावीस जणांशी खेळायला आला होता. हंगेरीतून बोटीने आलेला, दोन वर्षं रेल्वेत रूळ उचललेला, आणि नंतर आयुष्यभर फक्त बुद्धिबळावर पोट भरलेला. तीनदा राज्याचा विजेता, दोनदा ऑस्ट्रेलियाच्या संघातून परदेशी. एरवी शिकवण्या, पेपरातलं शनिवारचं सदर, आणि असे गावोगावचे हॉल. नोरीनला त्याने एकोणीस खेळ्यांत गुंडाळलं आणि मोहरे डब्यात भरता भरता म्हणाला, "तुम्हाला फार घाई असते, मिस. टपालाने खेळत जा. टपालाला घाई नसते."

तेव्हापासून ती टपालाने खेळत आली. त्याच्याशी पाच डाव झाले, पाचही हरली. हा सहावा, देशाच्या टपाली स्पर्धेतला. हा जिंकला तर नोरीनला मास्टरचा किताब मिळणार होता. बरोबरी झाली तर नाही. गव्हाच्या कोठारांजवळच्या वजनकाट्यावर ट्रकांची वजनं लिहिण्यात जन्म गेलेल्या बाईला बावन्नाव्या वर्षी असा किताब पुन्हा कोण देणार?

ती स्वयंपाकघरातल्या पटाशी बसली. टपाली डावात समोरच्याचे मोहरेही आपल्यालाच हलवावे लागतात. कार्दोशचा हात इतकी वर्षं तीच होत आली होती. कार्डावर त्याची एक खेळी होती, आणि खाली वेळ वाचवायला लिहितात तशा तीन जोड्या: तुम्ही अमुक केलंत तर माझं तमुक. पोस्टात पडल्यावर अशी खेळी मागे घेता येत नाही.

नोरीनने त्याची खेळी केली. मग स्वतःची, जी तिला करायचीच होती. मग त्याचं उत्तर. पुन्हा स्वतःची. दोन दिवसांपूर्वी गेलेला माणूस तिच्या मनातलं एकेक ओळखून उत्तरं देत होता. तिने उठून खिडकी लावली. वारा नव्हता, तरी लावली.

तिसरं उत्तर होतं ३३३५. पटाच्या प्रत्येक घराला दोन आकडे. तेहतीसवरचा हत्ती पस्तीसवर. नोरीनचा हात हवेतच थांबला. पस्तीसवर तिच्या प्याद्याचा मार होता. हत्ती फुकटात जात होता. एक घर पुढे, छत्तीसवर गेला असता तर तिच्या नरड्याशी आला असता.

आणि हे चार आकडे तिच्या ओळखीचे होते.

एकाहत्तर साली, त्याच्याशीच झालेल्या एका आधीच्या डावात, तिला हत्ती तेहतीसवरून छत्तीसवर न्यायचा होता आणि कार्डावर तिने पस्तीस लिहिलं होतं. वजनकाट्यावर वीस वर्षांत एक आकडा चुकला नव्हता, तो तिथे चुकला. तिने दुसऱ्या दिवशीच पत्र लिहून विनवलं. उत्तर हिरव्या शाईत आलं: "कार्ड म्हणजे कार्ड. मी यावर जगतो, मिस." आणि खाली हत्ती मारल्याचे चार आकडे.

"घोड्यांना चारा घातलास का?" पटाकडे बघून नेहमीची थट्टा करत तिचा धाकटा भाऊ क्लेम मागच्या दाराने आत आला. बायको गेल्यापासून तो तिच्याकडेच जेवायचा. "पेस्टी कुठाय? आणि तोंड का असं उतरलंय?"

"कार्दोश गेला."

"अरेरे. मग आता तूच जिंकलीस ना?"

"तसं नसतं रे."

तिने सगळं सांगितलं. क्लेमने मटण-बटाटा भरलेल्या पेस्टीचा कोपरा मोडून तोंडात टाकला. "मग मार की तो हत्ती. मेलेला माणूस तक्रार करायला यायचा नाही."

"तीच तर पंचाईत आहे," नोरीन म्हणाली.

शनिवारी तिने स्पर्धेच्या संचालकांना, बॅलराटच्या मेनहेनिट यांना फोन लावला.

"शिक्का कधीचा?" त्यांनी विचारलं.

"सोमवारचा."

"सोमवारी तो जिवंत होता, तेव्हा कार्ड चालतं. खाली लिहिलेल्या त्याच्या जर-तरच्या अटी तुम्ही मानल्यात तर त्याही चालतात. नाहीतर डाव आहे तिथे थांबवून निकाल देऊ. पण मी पाहिलाय तो डाव, मिस ट्रेवॉरो. आहे तिथे बरोबरीच होईल."

हत्तीचं नोरीन काही बोलली नाही.

सोमवारी ती बसने ॲडलेडला अंत्यविधीला गेली. तीस-पस्तीस माणसं होती. निम्मी बुद्धिबळवाली, ती हळू आवाजात कुठल्याशा जुन्या डावावरून वाद घालत होती. कार्दोशची भाची यूदित हिने नोरीनला बाजूला घेतलं.

"तुम्ही वॉलरूच्या ना? मामाच्या वहीत तुमचं नाव आहे. ही तुम्हीच ठेवा. मला त्यातलं ओ की ठो कळत नाही."

"शेवटी... शुद्धीवर होते का?"

"कधी होता, कधी नव्हता. सोमवारी कार्ड स्वतः लिहिलंन. मला हातसुद्धा लावू दिला नाही. म्हणाला, तू आकडे चुकवशील."

वही नोरीनने परतीच्या बसमध्ये उघडली. हिरवी शाई, काटेकोर ओळी. शेवटचं पान त्यांच्याच डावाचं होतं. तीच खेळी, त्याच जोड्या, आणि तिसरं उत्तर: ३३३६. खाली दोन रेघा, आणि पुढे: "यानंतर तिच्याकडे उत्तर नाही."

म्हणजे त्याला दिसलं होतं. तो जिंकत होता.

त्याच पानात खूण म्हणून एक जुनं कार्ड खोचलेलं होतं. नोरीनने ते उलटं केलं. अक्षर तिचंच. एकाहत्तर सालचं. ३३३५.

बाहेर नांगरलेली रानं मागे पळत होती. शेजारची जागा रिकामी होती आणि नोरीनने तिच्याकडे बघायचं टाळलं. दुखण्यात, वहीतून उतरवायचं सोडून, समोर पडलेल्या कार्डावरून त्याने उतरवलं असेल? की बारा वर्षं ते कार्ड जपून ठेवून शेवटी हत्ती परत केला? त्याला विचारता आलं असतं तर त्याने सांगितलं नसतं. आणि आता विचारायची सोयच नव्हती.

मंगळवारी सकाळी क्लेमने वहीतलं ते पान बघितलं. "हे कुणाला माहीत आहे?"

"मला."

"मग चुलीत घाल."

"क्लेम!"

"बरं, मग त्या बॅलराटवाल्याला कळव की म्हाताऱ्याचा हात चुकला. घे बरोबरी. रडत बस."

नोरीन पटाशी बसली. चूक होती म्हणावं तर, तिच्या चुकीला त्याने दया दाखवली नव्हती. तिने दाखवली असती तर तो भडकला असता. मी यावर जगतो, मिस. आणि देणगी होती म्हणावं, तर ती नाकारणारी ती कोण? दोन्हीकडून हिशेब एकाच घरावर येत होता, पस्तीसवर. तिने कार्डावर त्याच्या तिन्ही अटी मान्य केल्या आणि प्याद्याने हत्ती मारल्याचे चार आकडे लिहिले: ४६३५. वजनाची पावती तपासतात तसे तीनदा तपासले.

पत्ता कार्दोशचाच लिहावा लागला. नियम तसा होता. नक्कल बॅलराटला.

जूनमध्ये ते कार्ड परत आलं, 'पत्त्यावर नाही' असा शिक्का घेऊन. जुलैत किताबाचं प्रमाणपत्र आलं. क्लेमने ते फ्रिजच्या वर ठोकलं, जरा तिरपंच. शाळेतल्या मुलांनी वजनकाट्यावर येऊन तिला मास्टर म्हणून हाका मारल्या, वर्तमानपत्राने तिच्या नावाचं स्पेलिंग चुकवलं. लोक अभिनंदन करत आणि ती "हो, थँक्यू" म्हणे.

ऑगस्टमधल्या एका रविवारी, क्लेम धक्क्यावर गळ टाकून बसला होता तेव्हा, नोरीनने पट पुन्हा मांडला. मारलेला हत्ती डब्यातून काढला, तेहतीसवर ठेवला आणि एकेक घर सरकवत छत्तीसवर नेला. मग उत्तर शोधत बसली.

तेव्हापासून दर रविवारी एक खेळी होते. एक रविवार तिचा, एक त्याचा. तिच्या रविवारी तिला तासन्‌तास काही सुचत नाही. चहा गार होतो. त्याच्या रविवारी ती खुर्चीत टेकते न टेकते तोच हात आपोआप पुढे जातो, मोहरा उचलतो आणि जिथे ठेवायचा तिथे ठेवतो.

"कोण जिंकतंय?" क्लेमने परवा दारातूनच विचारलं.

"तो," नोरीन म्हणाली, आणि समोरची खुर्ची पटाच्या जरा जवळ ओढून ठेवली.