बूटवाल्यांची चाहूल

स्टुडिओत त्यांना सगळे बूटवाले म्हणत. पडद्यावर चालायचा नायक, पण त्याच्या पावलांचा आवाज काढायचे हे, अंधाऱ्या खोलीत, माइकसमोरच्या लाकडी फळीवर. तीस वर्षांत किती नायक आले नि गेले, टाच यांचीच. ती जिन्यावर दणाणली की खलनायकाची पाचावर धारण बसायची. त्या टाचेचा त्यांना कोण अभिमान!

आता मात्र नवलच झालं. नव्या मालिकेतला नायक बाळाला खांद्यावर घेऊन अनवाणी फिरत होता. उन्हातून सावलीत, सावलीतून उन्हात, नुसता फिरतच होता गडी.

"पाऊल जड पडतंय," रेकॉर्डिस्ट बाई काचेपलीकडून म्हणाल्या. "बाळ उठेल हो."

अकरा टेक झाले, अकराही वेळा बाळ उठलं.

"उद्या सकाळी एकदा बघू. नाहीतर दुसऱ्या कुणाला तरी बोलवावं लागेल. राग मानू नका."

राग मानायला वेळ कुठे होता त्यांना! बसमधून उतरल्या उतरल्या बूट काढून हातात घेतले आणि रस्त्यावरच सराव सुरू केला. आधी पावलाची कड, मग चवडा, टाच सगळ्यात शेवटी. लोक बघत होते, बघेनात का! संध्याकाळचं पिवळं ऊन पसरलं होतं. हळूहळू अंगाला वजनच नाही असं वाटायला लागलं. घराचा जिना कधी चढले, त्यांचं त्यांनाही कळलं नाही. दार उघडंच होतं.

आत कुणीतरी गात होतं. रेडिओ असेल म्हणावं, तर तो मध्येच हसला आणि म्हणाला, "आई, ठेका चुकतेयस!"

त्यांची लेक. सव्वीस वर्षांची झाली, पण ती गाते हे त्यांच्या गावीही नव्हतं. बायको डब्यावर ठेका धरत होती, आणि हे दारात, हातात बूट, स्वप्नात असल्यासारखे उभे.

मग लख्ख कळलं. रोज जिन्यावर त्यांची टाच वाजते, आणि ते आत येईपर्यंत घर गप्प झालेलं असतं. आमचं घर कसं शांत, म्हणून चारचौघांत मिरवायचे ते. त्यांना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

लेक वळली नि दचकली. "बाबा! कधी आलात? चाहूलच नाही लागली."

"आत्ताच. थांबू नकोस, गा ना."

लेकीनं आईकडे पाहिलं. आईनं त्यांच्याकडे.

"तुम्ही आधी बसा," बायको म्हणाली.

ते दारातच खाली बसले. बऱ्याच वेळानं लेकीनं गाणं धरलं. सूर बरोबर होते, शब्दही. पण मघाचा मोकळा आवाज बाबांसमोर काही केल्या लागेना.