कापूस फुटला

लुविनिया टॅगर्टने वीस वर्षं गावातल्या निम्म्या गोऱ्या नवऱ्यामुलींचे झगे शिवले होते. १९३०च्या सुमाराची मंदी आली, अमेरिकेतल्या जॉर्जियात झगे शिवून घेणारं कुणी उरलं नाही, तेव्हा ती सरकारी मदत-कामाच्या कचेरीत गेली. कारकुनाने तिच्या कार्डावर ‘अकुशल’ लिहिलं आणि तिच्या हातात कुदळ दिली. सरकारी शिवणघरात यंत्रं होती, पंखा होता, खुर्च्या होत्या. पण त्या गोऱ्या बायकांसाठी. काळ्या बायकांनी रस्त्याकडेचं गवत खणायचं, मग गुडघे सुजोत नाहीतर मोडोत.

लुविनियाचे सुजले. तिला बसून करायचं काम हवं होतं, बाकी काही नको होतं.

ऑगस्टमध्ये शिवणघराच्या मुख्य बाई, मिस आयडा, तिच्या दाराशी आल्या. लग्न झालेल्या गोऱ्या बाईलाही काळ्यांनी ‘मिस’च म्हणायचं असे. त्या गाडीतून उतरल्या नाहीत.

“साठ शर्ट आहेत गं. एकाचीही कॉलर धड बसत नाही. शुक्रवारी तपासणीला साहेब येतायत.”

“मग मला शिवणघरात घ्या, मिस आयडा. तिथंच बसून करते.”

“आधी हे कर, मग मी शब्द टाकते. माझ्या लग्नाचा झगा तूच शिवलास, विसरेन का मी?”

कुदळीचे तीन रोज बुडवून लुविनियाने साठ कॉलरी उसवल्या आणि पुन्हा लावल्या. साहेबांनी त्या उलटून-सुलटून पाहिल्या आणि शिवणघरातल्या बायकांची पाठ थोपटली.

सोमवारी ती कचेरीत गेली. कारकुनाने तिचं कार्ड काढून बाजूला ठेवलं.

“कापूस फुटलाय, आंटी. वेचणी संपेपर्यंत मदत-कामावरची तुमच्या लोकांची नावं बंद. शेतावर न्यायला ट्रक बाहेर उभाय.”

“आणि शिवणघर?”

“ते चालूच आहे. त्या बायकांना काय शेतात धाडायचं?” त्याला तो प्रश्नच खुळा वाटला.

कामापुरता मामा म्हणतात, तशी ही गोऱ्यांची आंटी. बुधवारी संध्याकाळी ती शेतातून परतली, तर गाडी दाराशी हजर. मागच्या सीटवर शर्टांचा गठ्ठा.

“साहेब खूश आहेत. आणखी शंभर हवेत,” मिस आयडा म्हणाल्या.

लुविनियाने हात पुढे केले. “बोंडांनी बोटं फाटलीत. सुई धरवत नाही.”

“मग मी काय करू?”

“कचेरीत विचारा. त्यांनीच मला कापसाला लावलंय.”

“तुम्हा लोकांना उपकाराची जाणच नाही,” म्हणत मिस आयडांनी गाडी वळवली.

बोटं फाटली होती हे खरं, पण सुई तिला धरता आली असती. खोटं बोलल्याचं तिला जराही वाईट वाटलं नाही. पहाटे गुडघ्यांना पोत्याची फडकी बांधून ती ट्रकमध्ये चढली.