लीलाबाईंची सही

सुलभा आणि रवींद्र या नवराबायकोचं भांडण बांधावरच पेटलं, आणि मी शेजारच्या तुकड्यात कांदा खुरपत होतो म्हणून मला ते सगळं ऐकावं लागलं. पावसानं सातासमुद्रापलीकडल्या या पुकेकोहे गावची लाल माती भिजून नुकता वाफसा आला होता, आणि सुलभाच्या हातात कुदळ होती. जिच्या दारात ट्रॅक्टर असायला हवा त्या बाईनं चार एकर कुदळीनं खणायचं काय?

ट्रॅक्टर ऑगस्टात चोरीला गेला. तिसऱ्या दिवशी जवळच्या मनुरेवातल्या एका शेडमध्ये सापडला, चोरही सापडला. आम्ही पेढे वाटले. आमची अक्कल बघा, सापडला म्हणजे मिळाला असं वाटलं. ट्रॅक्टर पुरावा म्हणून पोलिसांच्या आवारात उभा राहिला, आणि दिवाळीला पापाटोएटोतल्या आपल्या लोकांच्या दुकानांत जायची मेथी पेरायचीच राहिली.

रवींद्रचं म्हणणं, कायद्याच्या कामात घाई करू नये, परक्या मुलखात उगाच नजरेत भरू नये. तो पहिल्यापासून भिडस्त. सुलभा फलटणकडची, भिडेशी तिची ओळखच नाही.

"नऊ आठवडं झालं. तुमी बसा हितंच हात जोडून," ती म्हणाली, आणि कुदळ टाकून मला हाक मारली. "सुरेशभावजी, गाडी काडा."

चौकीतला पोरगेला अंमलदार 'किआ ओरा', म्हणजे इथला नमस्कार, म्हणत हसला. त्या गोड बोलण्यानं ती जास्तच तापली. तो म्हणाला, ट्रॅक्टरवर दुसऱ्या माणसानंही हक्क सांगितलाय, निकाल लागेपर्यंत देता येत नाही. दुसरा कोण, म्हणून मी खोदून विचारलं. दुसरा म्हणजे तोच, पकडलेला चोर. आपण हा विकत घेतलाय असं तो म्हणतो, आणि त्याच्याकडं विकणारणीच्या सहीचा कागद आहे. सही लीला नावाच्या बाईची. ट्रॅक्टरच्या तोंडावरही तेच नाव आहे ना, अंमलदारानं विचारलं.

होतं. आपल्याकडं ट्रॅक्टर आला की नारळ फोडायचा आणि घरातल्या कुणाचं तरी नाव रंगवायचं. रवींद्रनं आईचं रंगवलं. इथं मराठी कोण वाचणार म्हणून इंग्रजीत रंगवलं, ठळक. मराठीत असतं तर त्या चोराच्या बापाला वाचता आलं नसतं. बरं, ट्रॅक्टर घेतलेला एका गोऱ्या म्हाताऱ्याकडून, हातात हात देऊन. पावती नाही, आणि तो म्हाताराही आता जगात नाही.

लीलाला इथं आणा, अंमलदार म्हणाला, तिनं विकला नाही म्हटलं की विषय संपला.

सुलभाचा चेहरा लालबुंद झाला. "सांगा त्याला. लीलाबाई माझी सासू. मळ्यात अग्नी दिला तिला, सात वर्सं झाली. तिनं कवा समुद्र बगितला न्हाई. आन् सही कुटली, जलमभर आंगठा उठवला तिनं."

मी सांगितलं. त्यानं पेन खाली ठेवलं. वाईट वाटतं म्हणाला, पण हे मी ठरवू शकत नाही, मृत्यूचा दाखला लावून कोर्टात अर्ज करा.

दाखला सुलभाच्या दिरानं, अनिरुद्धनं, दोन दिवसांत गावाकडच्या ग्रामपंचायतीतून काढून धाडला. इथली तारीख मिळायला मात्र आणखी चार आठवडे गेले. तोवर दिवाळी झाली.

कोर्टात जजबाईंनी दोन्ही कागद शेजारी ठेवले. विक्रीचा कागद यंदाच्या जूनचा, मरण सात वर्षांमागचं. चोराचा कागद खोटा ठरला. तरी पोलिसांचं टुमणं चालूच, खटल्यात दाखवायला ट्रॅक्टर लागेल. सुलभा उठून उभी राहिली. रवींद्र तिचा पदर ओढत होता.

"चोर जामिनावर घरी जेवतोय, आन् माजा ट्रॅक्टर कैदंत," ती म्हणाली. "फोटो काडा, नंबर लिवून घ्या, पायजे तवा आनून उबा करते. पन जिमीन तुमच्या तारखंची वाट बगत न्हाई."

मी शब्द न शब्द इंग्रजीत सांगितला, थोडा चढवूनच. बाईंनी हुकूम लिहिला. फोटो काढून ट्रॅक्टर परत, खटला संपेपर्यंत विकायचा नाही.

दुसऱ्या दिवशी आम्ही ट्रेलर घेऊन गेलो. बॅटरी मेलेली, एक चाक बसलेलं. रवींद्र म्हणत होता, चला, मिळाला एकदाचा. "मिळाला न्हाई, हिसकून आनला," सुलभा म्हणाली.

अंमलदारानं पोचपावती पुढं केली. तळाला एक ओळ छापलेली. काय लिवलंय, तिनं विचारलं. मी वाचून सांगितलं: आपण दाखवलेल्या संयमाबद्दल आम्ही आभारी आहोत.

तिनं पेन घेतलं. त्या ओळीवर आडवी काट मारली, कागद फाटेस्तोवर परत मारली, आणि मग वर, मालकाच्या जागी, आपली सही केली.