परदेशी पाठवलेली तिल्ली

चित्रपट मुके होते तोवर बर्लिनमध्ये लेबरेश्ट फोसकाम्पची चलती होती. निर्माता तोच, दिग्दर्शकही तोच, आणि नायिका त्याची बायको तिल्ली. मग बोलपट आले आणि त्याची सद्दी संपली. राहिलेलं युद्धानं नेलं. बॉम्बहल्ल्यात गोदामातल्या फिल्म जळाल्या, घर जळालं, घरातले फोटोही गेले. तिल्ली त्याआधीच क्षयानं गेली होती. आता म्हातारपणी तिचा चेहराच त्याला आठवेना. टोपी आठवे, मान आठवे, चेहरा नाही. ते दुःख त्याला आतून कुरतडत होतं.

अशात त्याचा जुना कॅमेरामन कोर्बिनियान धापा टाकत आला. "साहेब, डेन्मार्कच्या एका थिएटरात आपला एक चित्रपट सापडलाय. उद्या दुपारी इथं दाखवतायत. दाढी करून या, बाईंना भेटायचंय."

"तुझी वात्रट जीभ अजून तशीच आहे," लेबरेश्ट म्हणाला आणि खरंच दाढी करायला उठला.

छोट्या हॉलमध्ये दोघेच बसले. चित्रपट सुरू झाला तसा लेबरेश्टच्या कपाळाला आठ्या पडल्या. "हे शॉट माझे नाहीत."

"तुमचेच. पण परदेशी पाठवलेले. विसरलात? दोन कॅमेरे लावायचो आपण. चांगलं ते घरी ठेवायचो, टाकाऊ ते बाहेर धाडायचो. बाहेरच्यांना काय कळतंय, असं तुम्हीच म्हणायचात."

तेवढ्यात स्टेशनवरचा निरोपाचा प्रसंग आला. शूटिंगच्या वेळी तिल्लीनं गाडीतल्या नायकाकडे बघायचं होतं. तिची नजर मात्र सारखी कॅमेऱ्याशेजारी उभ्या नवऱ्याकडे वळायची. शेवटी तो सगळ्यांदेखत खेकसला होता, "घरी दिसत नाही का मी तुला?" पुढच्या चित्रपटात त्यानं दुसरी नायिका घेतली. तिल्ली पुन्हा स्टुडिओची पायरी चढली नाही.

पडद्यावर गाडी हलली. तिल्लीनं नायकाकडे पाहिलंच नाही. ती बाजूला बघत राहिली, आणि तिचा अख्खा चेहरा उजळला. लेबरेश्टला तो चेहरा लख्ख आठवला. इतक्या मायेनं आपल्याकडे आयुष्यात दुसऱ्या कुणी पाहिलं नव्हतं, हे त्याला आज कळलं.

"वेड्या बाईनं शॉटची वाट लावली," कोर्बिनियान हळूच म्हणाला.

"गप्प बस."

परदेशी प्रत कापायला कुणी फारसे कष्ट घेत नसे. शॉट जिथं संपायला हवा होता तिथं संपलाच नाही, थोडा पुढे गेला. तिल्ली एकदम दचकली. चेहऱ्यावरचा उजेड गेला आणि तिनं मान खाली घातली.

चित्रपट मुका होता. आपण नेमके तेव्हाच खेकसलो होतो, हे फक्त लेबरेश्टला ऐकू आलं.