बाटलीवरचा कागद

हारमन फेल्डस्ट्राचा वासिफ सोलकरला जितका तिटकारा होता, तितका त्याने दुसऱ्या कुणाचा केला नव्हता, आणि तिटकाऱ्याच्या बाबतीत वासिफ कंजूष माणूस नव्हता. आखातातल्या अल ऐनच्या फुटबॉल क्लबात हारमन गोलकीपर कोच होता आणि वासिफ त्याचा असिस्टंट. म्हणजे कागदोपत्री असिस्टंट. वासिफच्या मते काम सगळं तोच करायचा, आणि हारमन सावलीत उभा राहून कॉफी प्यायचा.

हारमन हॉलंडचा, वय छप्पन्न, गुडघ्यातून वाकत नसलेला उंचच उंच माणूस. त्याची कारकीर्द वासिफने इंटरनेटवरून खणून काढली होती, शेजाऱ्याचं लफडं उकरावं तितक्या चिकाटीने. सतरा वर्षं फुटबॉल, चार क्लब, आणि खेळलेले सामने एकेचाळीस. बाकी सगळी वर्षं साहेब राखीव गोलकीपर म्हणून बाकावर. पहिल्या क्लबात नऊ वर्षं काढली, तिथला मुख्य गोलकीपर कधी साधा सर्दीनेही आजारी पडला नाही. दुसऱ्या क्लबातही तेच. मग बेल्जियमला गेला, तर तिथला मुख्य गोलकीपर देशाकडून खेळणारा. शेवटी सायप्रसमध्ये एकदाचा हा मुख्य झाला आणि अकराव्या सामन्यात गुडघा गेला. मग कोच झाला. दुसरं काय होणार होता?

"सतरा वर्षं दुसऱ्याचं जॅकेट सांभाळलं त्याने," वासिफ बायकोला, फिरदोसला, जेवताना सांगायचा. "आणि आता आम्हाला शिकवतो. गोरी कातडी आहे म्हणून चाललंय. आपला कुणी असता तर गेटवरून हाकलला असता."

वासिफची स्वतःची कारकीर्द म्हणजे मुंबईच्या तिसऱ्या डिव्हिजनमध्ये नागपाड्याच्या एका क्लबाकडून दोन सीझन. तिच्याबद्दल इंटरनेटवर एक अक्षर नव्हतं, आणि ते त्याच्या पथ्यावरच पडलं होतं. रत्नागिरीहून तो अल ऐनला आला तो क्लबाचा स्टोअरकीपर म्हणून. मग कपडे-बूट सांभाळू लागला, मग गोलकीपरांना सरावाला बॉल मारू लागला, मग सामन्यांचे व्हिडिओ कापू लागला. या सगळ्यात अकरा वर्षं गेली. आता त्याला एकच गोष्ट हवी होती, हारमनची जागा. ती मिळायचीही होती. रमजानमध्ये एका इफ्तारनंतर क्लबाचे मॅनेजर युसुफ साहेब त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले होते, "जूनमध्ये हारमनचा कॉन्ट्रॅक्ट संपतो. मग तू. इन्शाल्ला." तेच युसुफ साहेब नंतर हारमनला म्हणाले की टीम कपच्या फायनलला गेली तर अजून एक वर्ष देऊ. दोघांनाही गाजर दाखवायची ही साहेबांची जुनी पद्धत होती. पण वासिफला राग आला तो हारमनचा.

हारमनची शिकवण तरी काय, तर एक शब्द. टीमचा गोलकीपर हम्माद पेनल्टीच्या सरावाला उभा राहिला की हा सावलीतून म्हणायचा, "लेट." म्हणजे उशिरा उडी मार. मारणाऱ्याच्या कमरेकडे बघ, कंबर वळेपर्यंत हलू नकोस. तीन वर्षांत याहून वेगळं वाक्य त्याच्या तोंडून निघालं नाही, असं वासिफ शपथेवर सांगायचा. या एका शब्दासाठी विमानाने माणूस आणायचा, व्हिला द्यायचा, गाडी द्यायची. शब्द तर मीही बोलतो, तो म्हणायचा.

सेमी-फायनलच्या आधी वासिफने ठरवलं की या माणसाला एकदा दाखवून द्यायचं. समोरच्या टीमच्या दोन सीझनच्या सगळ्या पेनल्ट्या त्याने कापून काढल्या. पंधरा दिवस जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप, आणि फिरदोस आणि मुलगी एमान, दोघी ताट मांडीवर घेऊन सोफ्यावर. शेवटी तळहाताएवढा कागद तयार झाला. डावीकडे खेळाडूचा नंबर, उजवीकडे बाण. सात नंबर डावीकडे मारतो, दहा नंबर उजवीकडे, असा. मोठमोठ्या टीमचे गोलकीपर असा कागद पाण्याच्या बाटलीवर चिकटवतात, हे त्याने टीव्हीवर पाहिलं होतं.

"त्या कोचला दाखवा आधी," फिरदोस म्हणाली.

"त्याला काय कळतंय?"

तरी सामन्याच्या सकाळी त्याने कागद हारमनला दाखवला. हारमनने चष्मा लावून तो वरपासून खालपर्यंत दोनदा वाचला.

"काम चांगलं आहे," तो म्हणाला. "व्हेरी गुड वर्क. पण हम्मादला देऊ नकोस."

"का, कोच?"

"हम्माद बावीस वर्षांचा आहे. त्याला बाण दिला की तो बाणाबरोबर आधीच निघेल. मारणारा त्याला निघताना बघेल, आणि बॉल दुसरीकडे ठेवेल. मी सतरा वर्षं बाकावर बसून दुसऱ्यांना पेनल्टी खाताना बघितलंय, वासिफ. गोलमध्ये उभा असतो त्याला फक्त बॉल दिसतो. बाकावरून सगळं दिसतं."

एवढं मोठं भाषण हारमनने प्रथमच केलं असेल. वासिफने मान हलवली आणि मनात म्हणाला, जळतोय. आयुष्यभर बाकावर बसल्याची फुशारकी मारणारा इसम त्याने पहिल्यांदाच पाहिला होता. तो स्टोअररूममध्ये गेला, कागद हम्मादच्या बाटलीवर लावला, आणि पाण्याने शाई पसरू नये म्हणून वरून पारदर्शक चिकटपट्टी मारली.

सामना एक-एक बरोबरीत सुटला. जादा वेळही तसाच गेला आणि पेनल्ट्या आल्या. हारमन नेहमीप्रमाणे हम्मादजवळ गेला, त्याच्या मानेवर हात ठेवून काहीतरी एका शब्दाचं बोलला आणि परत फिरला. तो फिरल्यावर वासिफ धावत गेला आणि बाटली हम्मादच्या हातात कोंबली.

"कोचने पाठवलंय," तो म्हणाला. "यल्ला, यावर लिहिलंय तसंच कर."

'मी दिलंय' असं म्हटलं असतं तर हम्मादने कदाचित बाटली बाजूला ठेवली असती. वासिफला हे पक्कं ठाऊक होतं, म्हणून तर त्याने कोचचं नाव घेतलं. ज्या नावाची तो तीन वर्षं टर उडवत होता तेच नाव त्याला कामाच्या वेळी पुरलं.

पहिला आला सात नंबर. हम्मादने बाटली बघितली आणि डावीकडे झेपावला, बॉल मारायच्या आधी. सात नंबरने त्याला जाताना शांतपणे पाहिलं आणि बॉल उजवीकडे ढकलला. दहा नंबरने तसंच केलं. मग चार नंबरने. पाच पेनल्ट्या, पाच वेळा हम्माद एका बाजूला आडवा आणि बॉल दुसऱ्या बाजूला. दर खेपेला तो उठून आधी बाटलीकडे बघायचा, आणि टीव्हीच्या कॅमेऱ्याने ती बाटली कागदासकट मोठी करून दाखवली. आपल्या टीमची एक पेनल्टी बारवरून गेली. पाच-चार. खलास.

दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत त्या बाटलीचा व्हिडिओ अख्ख्या अल ऐनच्या फोनमध्ये फिरला होता. युसुफ साहेबांनी तिघांना ऑफिसात बोलावलं, हारमनला, हम्मादला आणि वासिफला. बाटली टेबलावर उभी होती. एसी इतका वाढवलेला की वासिफला घाम का येतोय ते कुणालाही कळलं असतं.

"हे तुला कुणी दिलं?" साहेबांनी विचारलं.

"वासिफने आणून दिलं," हम्माद म्हणाला. "कोचने पाठवलंय, असं म्हणाला."

साहेब हारमनकडे वळले. "तू पाठवलं होतंस?"

हारमनने बाटली उचलली. कागद ओळखायला त्याला वेळ लागायचं कारण नव्हतं, चोवीस तासांपूर्वीच त्याने तो दोनदा वाचला होता. मग त्याने वासिफकडे बघितलं. रागाने नाही. पेनल्टी मारणाऱ्याकडे बघावं तसं, तो आता कुठल्या बाजूला जातोय ते पाहत. वासिफला बोलायला अख्खं मिनिट मिळालं. त्याने ते मिनिट साहेबांच्या मागच्या ट्रॉफ्या मोजण्यात घालवला.

"गोलकीपर कोच मी आहे," हारमन म्हणाला. "गोलकीपरच्या बाटलीवर जे काही आहे ते माझं."

"म्हणजे पुढचं वर्ष नाही, हारमन."

"समजलं."

साहेब वासिफकडे वळले. "तुझं मत काय? हा कागद बरोबर होता?"

इथे गप्प बसला असता तरी चाललं असतं. निदान तेवढी तरी लाज राखायला जागा होती. पण जूनची ती जागा आता टेबलावर येऊन बसली होती, आणि वासिफचं तोंड आपोआप उघडलं.

"नाही सर," तो म्हणाला. "बावीस वर्षांच्या मुलाला बाण दिला की तो आधीच निघतो. थांबायला हवं. कंबर वळेपर्यंत हलायचं नाही. मी तर रोज हेच सांगतो."

हारमनने मान डोलावली. टोमणा नव्हता त्यात. एखाद्या मंद विद्यार्थ्याचं उत्तर तीन वर्षांनी बरोबर यावं आणि मास्तरला बरं वाटावं, तसं त्याला खरोखरच बरं वाटलं होतं. त्याने साहेबांशी हात मिळवला, हम्मादची पाठ थोपटली आणि दाराच्या चौकटीखाली जरा वाकून बाहेर गेला. साहेब म्हणाले, "मबरूक, वासिफ. जागा तुझी, एक जुलैपासून."

दुपारी वासिफने फिरदोसला घरून घेतलं, एमानला शाळेतून, आणि गाडीतूनच रत्नागिरीला थोरल्या भावाला फोन लावला, स्पीकरवर.

"अहमदभाई, गोलकीपर कोच झालो. असिस्टंट नाही, हेड."

"माशाल्ला. आणि तो गोरा?"

"काढला त्याला. अहो, काय अक्कल. बाटलीवर कागद चिकटवून दिला पोराला. मी सांगत होतो, कोच, असं करू नका, पोरगं आधीच उडी मारेल. ऐकेल तर शपथ. सतरा वर्षं बाकावर बसलेला माणूस, त्याला काय कळणार?"

पलीकडे अहमदभाई पोट धरून हसले. मागच्या सीटवर एमानने कानातून हेडफोन काढले.

"बट अब्बा," ती म्हणाली, "यू मेड दॅट पेपर."

वासिफने आरशातून तिच्याकडे डोळे वटारले. फोनमधलं हसू थांबलं.

"काय म्हणते पोर?" अहमदभाईंनी विचारलं.

"खरं म्हणते," फिरदोस बोलली. ती रस्त्याकडेच बघत होती. "कागद यांचा होता. पंधरा दिवस आमचं जेवणाचं टेबल अडवून केला होता. कोचने नको म्हटलेलं, हे मला स्वतः फोन करून हसत सांगितलं यांनी काल सकाळी."

मग अहमदभाईंनी घसा खाकरला. "बरं, असू दे. बाहेर बोलू नकोस, फिरदोस. जागा मिळाली ना? झालं तर मग."

"मिळाली," ती म्हणाली. "ज्याच्या शेजारी उभं राहायची यांची लायकी नाही, त्याची मिळाली."

वासिफने फोन बंद केला. पुढचा राउंडअबाउट येईपर्यंत त्याने हारमनसाठी एक शिवी शोधली. रोज तोंडात मावायच्या नाहीत इतक्या असायच्या, आज एकही त्या माणसाला बसेना. ज्या सुचत होत्या त्या सगळ्या दुसऱ्याच कुणालातरी नेमक्या बसत होत्या, आणि ते फिरदोसला कळू नये म्हणून तो सरळ समोर बघत गाडी चालवत राहिला.